मृतसाठ्यातील गाव

१

उन्हाळा लागला की आमच्याकडच्या वर्तमानपत्रांत एक लहानशी चौकट येऊ लागते. जायकवाडीच्या धरणात आज पाणी किती, पातळी किती फूट, गेल्या वर्षी याच तारखेला किती होती. धरण काठोकाठ भरले म्हणजे १५२२ फूट, हा आकडा आमच्याकडच्या पोराटोरांनाही पाढ्यासारखा पाठ असतो. पाऊस चांगला झालेल्या वर्षी त्या चौकटीकडे कोणी ढुंकूनही पाहत नाही. वाईट वर्षी मात्र लोक आधी ती चौकट वाचतात आणि मग बाकीचे जग.

२०१६ च्या उन्हाळ्यातली गोष्ट. चौकटीत लिहिले होते : उपयुक्त साठा शून्य, मृतसाठ्यातून उपसा सुरू. मी सातवीच्या वर्गावर होतो. मराठीचा तास होता, म्हणून मुलांना सहज विचारले, ‘‘मृतसाठा म्हणजे काय रे?’’ कोणी काही, कोणी काही सांगू लागले. मागच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली आणि म्हणाली, ‘‘सर, मेलेलं पाणी लोकं पितात कसं?’’

वर्ग हसला. मीही हसलो आणि फळ्यावर धरणाचे चित्र काढून समजावून सांगितले. धरणाच्या भिंतीत पाणी सोडण्याची दारे असतात, कालव्याची मोरी असते. त्या मोरीच्या तळाखाली जे पाणी राहते, ते आपणहून बाहेर वाहू शकत नाही. गाळासाठी म्हणून ती जागा मुळातच सोडून दिलेली असते. त्या पाण्याला मृतसाठा म्हणतात. जायकवाडीची एकंदर साठवण २,९०९ दशलक्ष घनमीटर. त्यातले २,१७१ उपयुक्त आणि उरलेले ७३८ मृत. मुलांनी आकडे वहीत उतरवून घेतले.

एक गोष्ट मात्र मी त्यांना सांगितली नाही. त्या ७३८ दशलक्ष घनमीटर मृत पाण्याच्या तळाशी माझ्या आज्याचे गाव आहे.

२

वाचकहो, एखाद्या गावाची कथा सांगायची तर बहुधा त्या गावापासून आरंभ करावा लागतो. आमच्या गावाची कथा मात्र पन्नासपंचावन्न किलोमीटर दूर असलेल्या एका शहरापासून सुरू करावी लागते. कारण गाव बुडाले नदीत. पण ज्या तहानेने ते बुडाले, त्या तहानेतला मोठा वाटा त्या शहराचा.

हे शहर जन्मापासूनच तहानलेले आहे. निजामशाहीचा वजीर मलिक अंबर याने १६१० साली खडकी या खेड्याच्या जागी राजधानी वसवली. खडकी हे नावच बोलके आहे. खडकावर वसलेल्या गावाला पाणी कोठून मिळणार? खाम नदी आहे, पण ती पावसाळ्यापुरती. अंबर हा हबशी गुलाम म्हणून विकला गेलेला मनुष्य. स्वतःच्या बुद्धीने आणि तलवारीने दक्षिणेचा कारभारी झालेला. त्याने उत्तरेकडच्या डोंगरांकडे पाहिले. डोंगरात मुरलेले पाणी जमिनीखालून झिरपत शहराकडे येतेच आहे, त्याला फक्त वाट करून द्यायची आहे, हे त्याने ओळखले. जमिनीच्या पोटातून बोगदे खोदले, उतार असा साधला की पाणी आपल्याच वजनाने चालत यावे, आणि खापरी नळांनी ते शहरातल्या हौदांत पोचवले. हीच नहर-ए-अंबरी. पुढे अंबर १६२६ साली वारला; मग खडकीचे फत्तेनगर झाले, १६५३ च्या सुमारास औरंगजेबाच्या सुभेदारीत औरंगाबाद झाले, आणि २०२३ साली छत्रपती संभाजीनगर झाले. नावे बदलली, राज्ये बदलली. नहर शतकानुशतके वाहत राहिली. पाणचक्कीच्या हौदात पडणारे पाणी पाहायला आजही सहली येतात. तेही पाणी अशाच नहरीचे.

अंबराचे गुणगान करण्याचा माझा हेतू नाही. त्याच्या मृत्यूला चार वर्षे झाली नाहीत तोच १६३० चा तो महाभयंकर दुष्काळ दक्षिणेवर कोसळला आणि माणसे किड्यामुंग्यांसारखी मेली. नहरीला तो टाळता आला नाही. मला एवढेच दाखवायचे आहे की, त्या जुन्या घेण्याला एक मर्यादा होती, आणि ती कोणा राजाच्या सद्गुणाने घातलेली नव्हती, उताराने घातलेली होती. डोंगर जेवढे झिरपू देईल तेवढेच पाणी शहराला मिळे. डोंगर आटला की शहरही हात आखडून बसे. खालचे पाणी वर ओढून न्यावे, तळापर्यंत उपसावे, ही शक्ती त्या काळच्या माणसाजवळ नव्हती.

ती शक्ती आमच्या काळात आली. गोदावरी शहराहून शंभर मीटर खाली वाहते. तरी आज तिचे पाणी पैठणहून फारोळ्याच्या केंद्रात शुद्ध होऊन पंपांच्या जोरावर चढ चढत शहरात जाते. पाणी चढावर चालू लागले, त्या दिवशी आमच्या प्रदेशाच्या इतिहासाने कूस बदलली असे मी समजतो.

३

गोदावरीवर मराठवाड्यात मोठे धरण बांधावे, ही कल्पना हैदराबाद संस्थानच्या काळातली. त्या वेळी जागा मनात होती ती बीड जिल्ह्यातल्या जायकवाडी या खेड्याजवळची. पुढे १९४८ साली संस्थान विलीन झाले, १९५६ साली मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि १९६० साली महाराष्ट्रात. धरणाचा विचार पुन्हा सुरू झाला तेव्हा जागा सरकत सरकत नदीच्या वरच्या अंगाला सुमारे शंभर किलोमीटर आली आणि पैठणवर ठरली. कालवे काढण्यास ती अधिक सोयीची. पण कागदोपत्री नाव पडले होते जायकवाडी, ते तसेच राहिले. म्हणजे ज्या खेड्यात धरण झाले नाही त्याचे नाव अजरामर झाले, आणि जी गावे धरणात गेली त्यांची नावे पुसली गेली. इतिहासाच्या असल्या थट्टा कादंबरीत घातल्या तर टीकाकार म्हणतील, हा योगायोग ओढून आणलेला आहे.

१८ ऑक्टोबर १९६५ रोजी पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते पायाभरणी झाली. त्यानंतर तीन महिन्यांच्या आतच शास्त्रीजी ताश्कंदला निवर्तले. २४ फेब्रुवारी १९७६ रोजी इंदिरा गांधींनी धरणाचे उद्घाटन केले. त्या वेळी मुख्यमंत्री होते शंकरराव चव्हाण. या धरणासाठी झटलेल्या माणसांत त्यांचे नाव आमच्याकडे पहिले घेतात. आणि त्यांचा जन्मही पैठणचाच. जलाशयाला नाव दिले नाथसागर. एकनाथ महाराजांनी काशीहून रामेश्वरासाठी आणलेली गंगा तहानेने तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखात ओतली, ही कथा आमच्या हाडीमांशी खिळलेली आहे. तेव्हा तहानलेल्यांना पाणी पाजणाऱ्या सागराला नाथांचे नाव याहून शोभणारे दुसरे कोणते सापडणार!

धरण मातीचे, सुमारे दहा किलोमीटर लांब, सत्तावीस दारांचे. पण त्याची खरी गोष्ट लांबीत नाही, पसरटपणात आहे. कोयनेचे धरण जवळजवळ एवढेच पाणी साठवते; परंतु ते डोंगरांच्या खोल घळीत. पैठणच्या वर डोंगर नाहीत. तेथे आहे गोदेचे आणि प्रवरेचे सपाट काळे खोरे. त्यामुळे पाणी परातीतल्यासारखे पसरले. कोयनेच्या सुमारे तिप्पट जमीन, पस्तीस हजार हेक्टरांच्या घरातली, पाण्याखाली गेली. सरासरी खोली काढली तर ती आठ-एक मीटर भरते. पैठण आणि गंगापूर तालुके या तीराला, शेवगाव आणि नेवासे त्या तीराला. दोन्ही तीरांवरची मिळून शंभराच्या आसपास गावे, काही सबंध, काही अर्धीमुर्धी, बुडाली. आणि ती कोणती जमीन? नदीने हजारो वर्षे गाळ आणून घडवलेली, ज्वारी-गव्हाची, हात घातला तर कोपरापर्यंत काळी. धरणाचे पाणी उथळ पसरले की ऊनही आपला वाटा घेते. मराठवाड्याच्या वैशाखातले ऊन! वाफ होऊन जाणाऱ्या पाण्यासाठी किती शेते गेली, याचा हिशेब माझ्या आज्याने कधी कुठल्या कागदावर पाहिला नाही.

४

आबा, म्हणजे माझे आजोबा, धरणाविरुद्ध नव्हते. हे आवर्जून सांगितले पाहिजे. आजकाल अशा कथांत एक बाजू राक्षसाची आणि दुसरी देवाची असते. आबांनी १९७२ चा दुष्काळ भोगला होता. आजीने रस्त्याच्या कामावर खडी फोडली होती, लेकरांनी सुकडी खाल्ली होती, घरात अमेरिकेचा तांबडा मिलो शिजला होता. नदी उशाशी असून ही दशा. तेव्हा पाणी अडले पाहिजे, हे त्यांना कोणी पटवून देण्याची गरज नव्हती. ‘‘धरन व्हावं,’’ ते म्हणत, ‘‘पर आपल्या मस्तकावर व्हावं, हे कुठं लिवलं व्हतं?’’

भूसंपादन झाले ते इंग्रजांच्या १८९४ च्या कायद्याने. या कायद्याला दोनच गोष्टी दिसतात : जमीन आणि तिचा पैशातला मोबदला. धरणग्रस्तांना लाभक्षेत्रात पर्यायी जमीन द्यावी, गावठाण द्यावे, त्यात सोयी कराव्यात, असा पुनर्वसनाचा स्वतंत्र कायदा महाराष्ट्राने केला तो १९७६ साली. म्हणजे धरणाचे उद्घाटनही १९७६ चे आणि कायदाही १९७६ चा. पाणी आधी आले, कायदा मागाहून पोहत आला.

आबांची सात एकर जमीन विहिरीखालची होती. मोबदल्याच्या कागदात ती जिरायत लागली. एका कचेरीत ते चार वर्षे खेटे घालत राहिले. तेथल्या कारकुनाने शेवटी त्यांना विचारले, ‘‘बाबा, विहीर आहे म्हणता, ती दाखवा कुठे आहे?’’ विहीर त्या वेळी तीस फूट पाण्याखाली होती. आबा घरी आले आणि त्यांनी तो नाद सोडला.

तरी आबांना काही तरी मिळाले. ज्यांच्या नावावर सातबारा नव्हता, त्यांचे काय? गावचा सुतार, लोहार, न्हावी, मातंग, महार, गुरव, हे बलुतेदार गावाशी जमिनीने बांधलेले नव्हते, हक्काने बांधलेले होते. खळ्यावर धान्य मोजून घेण्याचा तो हक्क कोणत्याच पंचनाम्यात बसत नव्हता. भोयांच्या टरबूज-खरबुजांच्या वाड्या होत्या, त्या नदीच्या वाळवंटात. दर वर्षी पूर आला की त्या पुसल्या जात आणि पूर ओसरला की पुन्हा आखल्या जात. नदीची वाळू कोणाच्या मालकीची? सरकारची. मग भरपाई कशाची? गाव उठले तेव्हा शेतकरी नव्या गावठाणात आला. बलुतेदार मात्र कोणी शहरात, कोणी साखर कारखान्याच्या तोडीवर, कोणी कुठे, असे पांगले. माझ्या मते गाव बुडाले ते पाण्याने नव्हे, या पांगण्याने. भिंती काय, पुन्हा उभ्या राहतात.

पाणी अडण्याच्या आदल्या उन्हाळ्यात लोकांनी घरे मोडली. माळवदाची घरे, त्यांची सागवानी वासे-तुळया, खांब, दारे बैलगाड्यांवर लादली. आबांनी बाकी सगळे विकले, पण दाराची चौकट विकली नाही. माझे वडील, आम्ही त्यांना दादा म्हणतो, तेव्हा वीस वर्षांचे होते. ते सांगतात, आजीने निघताना चुलीतली राख लोटक्यात भरून घेतली होती. ‘‘कामून घेतली?’’ असे दादांनी विचारले, तर म्हणाली, ‘‘तिथली चूल पेटवाया.’’ राखेने चूल पेटत नाही, हे तिला काय माहीत नव्हते?

नवे गावठाण मिळाले ते मुरमाड माळावर. तेथे आमच्या घराला ती जुनी चौकट बसवली. नवे दार तिच्यात कधीच नीट बसले नाही. मी लहानाचा मोठा झालो तो त्या दाराची करकर ऐकत.

५

आता पाण्याने काय केले तेही प्रामाणिकपणे सांगतो. पैठणचा डावा कालवा २०८ किलोमीटर, उजवा १३२. जालना, परभणी, बीडपर्यंत पाणी गेले. जेथे एक ज्वारी कशीबशी पिके तेथे ऊस उभा राहिला. परळीच्या वीजकेंद्राला हे पाणी मिळाले, माजलगावच्या धरणाला मिळाले. आणि शहर वाढले. १९६१ साली लाखाच्या आत असलेले हे शहर २०११ च्या जनगणनेत पावणेबारा लाखांचे झाले. चिकलठाणा, मग वाळूज, मग शेंद्रा. कारखान्यांची धुरांडी उभी राहिली. आमच्या नव्या गावठाणातली निम्मी तरुण पोरे वाळूजलाच कामाला आहेत. त्या पाण्याने कोणाचे भले झाले नाही असे म्हणेन, तर तो कृतघ्नपणा होईल.

पण भल्याची वाटणी कशी झाली? माणसाला शोभेशी नाही. धरणाच्या वरच्या अंगाला नाशिक-नगरकडे जुनी धरणे होतीच : दारणा १९१६ चे, भंडारदरा १९२६ चे. पुढे आणखी झाली. वर पाणी अडले की खाली जायकवाडी रिकामी राहते. १९८० च्या गोदावरी पाणीवाटप निवाड्यात पैठणपर्यंतचे सारे पाणी वापरण्याचा हक्क महाराष्ट्राला मिळाला; पण महाराष्ट्रातल्या महाराष्ट्रात ते कसे वाटायचे, हे भांडण घरातच राहिले. २००५ साली जलसंपत्ती नियमनाचा कायदा झाला, खोऱ्यातल्या पाण्याची समन्यायी वाटणी व्हावी असे तत्त्व ठरले, आणि तरीही पाण्याची प्रत्येक पाळी न्यायालयाच्या पायऱ्या चढूनच खाली येऊ लागली. २०१६ च्या एप्रिलात तर उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाला मद्याच्या कारखान्यांचे पाणी कापण्याचा हुकूम द्यावा लागला. त्याच महिन्यात लातूरला आगगाडीने पाणी पोचत होते.

आणि आमचे गावठाण? ज्या पाण्यासाठी गाव दिले, ते पाणी आम्हाला टँकरने आले. माळावरच्या विहिरी डिसेंबरातच तळ दाखवतात. टँकर धरणावर भरतो आणि चढ चढून आमच्याकडे येतो. दादा घागर लावून उभे राहत आणि म्हणत, ‘‘बघ, आपल्या विहिरीचं पानी आलं.’’ हा विनोद ते इतक्या शांतपणे करीत की टँकरवाल्यालाही हसावे की नाही ते कळत नसे.

शहर तरी सुखी आहे म्हणावे, तर तेही नाही. धरण भरलेले असतानाही शहरातल्या कित्येक वस्त्यांना आठ-आठ दिवसांनी नळ येत असे. २०२२ च्या उन्हाळ्यात त्यासाठी मोर्चे निघाले. पाणी घेतले गेले हे खरे, पण ते गरिबाच्या हंड्यात पोचले असे मात्र नाही.

६

पाण्यापाठोपाठ वाळू गेली.

शहर बांधायचे तर वाळू हवी, आणि चांगली वाळू म्हणजे गोदावरीची. धरणाच्या खालच्या अंगाला वाळूघाटांचे लिलाव होऊ लागले, आणि लिलाव नसेल तेथे रात्रीचे ट्रॅक्टर. वाळू म्हणजे नुसती बांधकामाची वस्तू नव्हे, हे नदीकाठच्या माणसाला सांगावे लागत नाही. वाळू हे नदीचे कोठार. पुराचे पाणी तिच्यात मुरते आणि उन्हाळाभर बाजूच्या विहिरींना पुरते. पूर्वी नदी आटली तरी बायका वाळूत हातभर झिरा उकरीत आणि वाटीने पाणी भरीत. वाळू खरवडून खाली खडक लागला की पूर आला तसा वाहून जातो आणि काठावरची विहीर कोरडी पडते. शिवाय धरणामुळे वरून नवी वाळू येणे थांबले. गाळ आणि वाळू दोन्ही जलाशयात अडकतात. म्हणजे धरणाखालच्या नदीला मिळकत नाही आणि खर्च मात्र रोजचा. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने अशा गौण खनिजांनाही पर्यावरणाची परवानगी सक्तीची केली; २०२३ साली राज्य सरकारने ६०० रुपये ब्रासने सरकारी डेपोतून वाळू देण्याचे धोरण आणले. धोरणे येतात. रात्र रोज येते.

एकनाथांची दुसरी कथा आठवा. भर दुपारी, गोदेच्या तापलेल्या वाळवंटात अस्पृश्य मानलेल्या घरचे एक लेकरू रडत होते, नाथांनी त्याला कडेवर उचलले. त्या कथेत वाळवंट नसते तर नाथांच्या पायाला चटका बसला नसता, आणि चटक्याविना ती करुणा आमच्या मनात इतकी खोल उतरली नसती. आज काही घाटांवर ती कथा सांगताना मुले विचारतात, ‘‘सर, वाळवंट म्हणजे राजस्थानात ना?’’

येथे मला एक गोष्ट कबूल केली पाहिजे. २०१४ साली मी शहरात घर बांधले. दोन खोल्यांचेच, पण बांधले. वाळू रात्री दोन वाजता आली. पावती मी मागितली नाही. देणाऱ्याने दिली नाही. सकाळी दादा गावाहून आले. ढिगाजवळ बसले, मूठभर वाळू घेऊन बोटांतून सोडू लागले. बारीक, किंचित तांबूस, तिच्यात शिंपल्यांचे तुकडे. ‘‘गंगेची हाय,’’ ते म्हणाले. आमच्याकडे गोदावरीला गंगाच म्हणतात. पुढे काही बोलले नाहीत. मी चहा आणायला आत गेलो. ज्या घरात बसून मी हा लेख लिहीत आहे, त्याच्या भिंतींत ती वाळू आहे. तेव्हा या लेखात ‘ते लोक’ असा शब्द कुठे आला असेल, तर त्यात वाचकांनी मलाही मोजावे.

वाळूनंतर गाळ. २०१७ साली ‘गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार’ ही योजना निघाली. योजना चांगली, तलावातला गाळ शेतात गेला तर दोघांचेही भले. पण धरणग्रस्ताला त्यात काय दिसते ते निराळे. गाळ म्हणजे त्याचे रान. आणि गाळानंतर आता ऊन. १९८६ साली पक्षी अभयारण्य झालेल्या या जलाशयावर तरंगत्या सौरपट्ट्या अंथरण्याची योजना पुढे आली, मासेमारीवर जगणाऱ्यांनी हरकत घेतली, आणि तो वाद २०२५ साली सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन आला. न्यायालयाने ती हरकत मानली नाही. पाणी, वाळू, माती, ऊन. एका खोऱ्याकडे देण्यासारखे असते तरी किती?

७

त्या मुलीने वर्गात प्रश्न विचारला, त्याच मे महिन्यात, २०१६ साली, मी दादांना घेऊन जुन्या गावी गेलो. ‘गेलो’ हा शब्द चाळीस वर्षांत प्रथमच वापरता येत होता. पाणी मृतसाठ्याच्याही खाली उतरले होते.

भेगाळलेल्या चिखलावरून दोन कोस चाललो. मध्येच हिरवे तुकडे लागत. पाणी ओसरले की उघड्या पडणाऱ्या जमिनीत हंगामापुरते पीक घेतात, त्याला गाळपेर म्हणतात. धरणग्रस्तांना ती जमीन तेवढ्यापुरती करायला मिळते. मालक आपल्याच रानात चार महिन्यांचा कूळ होऊन येतो आणि पाणी चढले की निघून जातो. दादा काही न विचारता, न चुकता चालत होते. वाटेत ना झाड, ना बांध. मी म्हटले, ‘‘दादा, रस्ता कसा काय ओळखता?’’ ते म्हणाले, ‘‘पायाला ठावं हाय.’’

मग गाव आले. म्हणजे दगड आले. जोत्यांच्या ओळी, एका देवळाचा ओटा, एक फुटके जाते, गाळाने तोंडापर्यंत भरलेली बारव. दादा एका जोत्यापाशी थांबले. दोन दगडांमध्ये दाराएवढी फट होती. ‘‘हितं चौकट व्हती,’’ म्हणाले. आणि वाकून, जसे ठेंगण्या दारातून आत जाताना वाकावे तसे वाकून, आत गेले. वर छप्पर नव्हते, भिंत नव्हती. साठीचा माणूस मोकळ्या आभाळाखाली वाकून आत गेला.

थोड्या अंतरावर एक यंत्र गाळ खणत होते आणि ट्रक भरत होते. कोणाच्या तरी दूरच्या शेतात तो पडणार होता. दादा बराच वेळ पाहत राहिले. मला वाटले, रागावतील. पण ते त्या ट्रकवाल्याकडे गेले आणि त्याला म्हणाले, ‘‘बाबा, तिकडून नको, हिकडून घे. हे आमच्या विहिरीखालचं रान. लई चांगलं हाय.’’

कारकुनाला जी विहीर आबा दाखवू शकले नाहीत, ती दादांनी अशी एका अनोळखी ट्रकवाल्याला दाखवली.

त्या वर्षी पाऊस बरा झाला. पाणी चढले, चौकटीतले आकडे वाढले, गाव पुन्हा खाली गेले. २०१९ साली पाणी पुन्हा तळाला गेले, पण तेव्हा दादांचे गुडघे चालेनासे झाले होते. आता चांगला पाऊस झाला की सारा जिल्हा आनंदतो, दारे उघडली की लोक पोराबाळांना घेऊन धरणावर जातात. मीही जातो. शहराला पाणी मिळावे असे मलाही वाटते. माझ्या घरातही तोच नळ आहे. फक्त एक मागणे आहे. ती लहानशी चौकट छापताना, त्या मृतसाठ्याच्या आकड्यापुढे कधी तरी, वर्षातून एकदा तरी, त्या गावांची नावे छापावीत. शंभराच्या आसपास नावे आहेत. फार जागा लागणार नाही.

त्या मुलीला मी अजून उत्तर दिलेले नाही. ती आता वीस-एकवीस वर्षांची झाली असेल. भेटली तर सांगेन : बाई गं, ते पाणी मेलेले नसते. ते आपणहून वर येऊ शकत नाही, एवढेच.